तिला धुतलं नव्हतं

१

ऑक्टोबरात आलेलं ते पत्र मार्च उजाडला तरी माझ्या टेबलाच्या खणात पडून होतं. उत्तर द्यायचं नव्हतं असं नाही. उत्तर मला माहीत नव्हतं. माहीत नसलेल्या गोष्टीवर चार गोड ओळी लिहिण्याचं कसब माझ्यात असतं, तर टॅमसेटच्या वाचनालयात पुस्तकांची धूळ झटकत मी म्हातारा झालो नसतो. एखाद्या कारखान्याचा मॅनेजर झालो असतो.

पत्र थर्झा कोल्बी या शिक्षिकेचं होतं. तिचे वडील एसा कोल्बी हे आमच्या गावच्या वॅडली कारखान्यात इंजिनचालक होते. हा कारखाना आधी आगगाडीची इंजिनं बांधायचा. सत्तावन्नच्या मंदीत इंजिनांना गिऱ्हाईक उरलं नाही, तेव्हा त्यांनी तोच बॉयलर उभा केला, त्याला पंप जोडला आणि आगीचा बंब म्हणून विकायला काढला. १८६० च्या जूनमध्ये त्या पहिल्या बंबाची कालव्यावर सगळ्या गावासमोर चाचणी झाली. तीत बॉयलर फुटला आणि एसा जागच्या जागी गेला. चौकशीत ठरलं की तो प्यायलेला होता, त्यामुळे बॉयलरमधलं पाणी संपत आल्याचं त्याला कळलंच नाही.

"कारखान्याचा इतिहास आपण लिहीत आहात असं ऐकलं," थर्झाबाईंनी लिहिलं होतं. "त्यात दारूची ती ओळ असणार आहे का? माझ्या आईला आता दिसत नाही. पुस्तक आलं की मला वाचून दाखव, म्हणून ती रोज मागे लागते. बाबांचं नाव छापून येणार याचंच तिला अप्रूप. मी तिला वाचून दाखवू की पुस्तक आलंच नाही म्हणून सांगू, एवढं कळवाल का?"

ओळ होती. कर्नल वॅडलींनी ती सांगून लिहून घेतली होती. कारखाना नुकताच एका मोठ्या कंपनीच्या पोटात गेला होता आणि जाता जाता कर्नलना चामडी बांधणीचं स्मारक हवं होतं. गावात व्याकरण येणारा मी एकटा, म्हणून काम माझ्याकडे आलं.

छापखान्याकडून मुद्रितं आली आणि मी पेन्सिल घेऊन बसलो. त्या ओळीपाशी आलो. 'मद्यपी चालकाच्या तोंडी अखेरच्या क्षणी बीअर हाच शब्द होता,' असं कर्नलनी मोठ्या चवीनं घातलं होतं. मी हे वाक्य दहादा तरी वाचलं असेल. या वेळी मात्र एक क्षुल्लक शंका आली. प्यायलेला माणूस, मालकासमोर, सगळ्या गावासमोर, आपण काय प्यालो ते ओरडून कशाला सांगेल?

२

टॉरंट मंडळाच्या दारावर दगडात कोरलेलं आहे: 'तिला धुतलं नव्हतं.' परगावचे लोक ते वाचून नाकाला रुमाल लावतात. गावकऱ्यांना मात्र ते वाचून ऊर भरून येतो.

टॉरंट हा एक हातबंब, दोन्ही बाजूंच्या दांड्या माणसांनी दाबून चालवायचा. त्या काळी आमच्याकडे गल्लोगल्ली अशी हौशी मंडळं होती आणि आग विझवण्यापेक्षा एकमेकांची जिरवण्यात त्यांना जास्त गोडी होती. दोन बंब एकामागे एक लावायचे. मागच्यानं नळीतून पाणी पुढच्याच्या हौदात सोडायचं, पुढच्यानं ते त्याच वेगानं उपसून फेकायचं. उपसणं जमलं नाही की हौद उतू जातो आणि रंगवलेला, पॉलिश केलेला बंब गावासमोर चिंब भिजतो. याला म्हणायचं 'धुणं'. ज्यांची गाडी धुतली गेली ते आठवडाभर तोंड लपवून हिंडत. मागे कोण आणि पुढे कोण यावर गुद्दागुद्दी चालू असताना आमचं एक चर्च निवांत जळून गेलं आहे.

मी चाचणीला हजर नव्हतो; गर्दी मला सोसत नाही. टॉरंटचा नायक जोथम स्पॉफर्ड मात्र होता, आणि त्यानंतर आयुष्यात त्याच्या हातून दुसरं काही घडलं नाही.

"ये पुस्तकबुवा!" मंडळाच्या दारात मला पाहून तो म्हणाला. "वाट चुकलास की काय? इथं पुस्तकं नसतात."

"जोथम, एसा कोल्बीबद्दल विचारायचं होतं."

"त्या बेवड्याबद्दल? त्यात विचारायचं काय?" असं म्हणत त्यानं दगडी सुरईतून पेला भरला. आमच्या राज्यात दारूबंदी आहे. सफरचंदाची आंबवलेली सायडर आम्ही फळांत मोजतो.

"तू होतास कुठं?"

"कुठं म्हणजे? आमच्या गाडीच्या माथ्यावर, हातात कर्णा घेऊन. त्यांची ती चकचकीत किटली मागं, आम्ही पुढं. ती कालव्याचं पाणी ओढणार आणि आमच्या हौदात ओतणार. वॅडली सगळीकडे सांगत सुटला होता, आज टॉरंटला असं धुतो की रंग उतरेल. माझी पोरं दांड्यांवर मरत होती रे, पण हटली नाहीत!"

"आणि एसा?"

"माझ्याकडे तोंड करून उभा. पाण्याची उंची बघायच्या त्या तीन तोट्या असतात ना बॉयलरला, त्या उघडून बघत होता. परत परत. आणि मग बोंबलला, 'बीअर! सगळी बीअर आहे!' या कानांनी ऐकलंय. शपथेवर सांगितलंय."

"तोट्यांतून काय येत होतं?"

"काय येणार? पाणी. पांढरं, फेसाळलेलं."

"तिन्हीतून?"

"तिन्हीतून."

"पण बॉयलर तर पाणी संपल्यामुळे फुटला ना?"

जोथमनं पेला खाली ठेवला, विचार केला, आणि त्याची सवय नसल्यानं पुन्हा उचलला. "असेल. मला काय करायचंय? पुढं ऐक. तो वाफेच्या चावीकडे हात घेऊन निघाला. गाडी बंद करायला! म्हणजे हरलाच की. मागून वॅडली काठी आपटत ओरडतोय, 'थांबलास तर याद राख!' आणि मग धडाम्."

मला मान द्यायचा म्हणून त्यानं दिवा उचलून टॉरंटपाशी नेलं. बंबाच्या बाजूला घागर घेतलेली जलदेवता रंगवलेली आहे, बॉस्टनहून चित्रकार आणून. देवीच्या तोंडावर देवी आल्यासारखे व्रण होते.

"स्फोटात झालं हे?"

"छे, आधीच. त्यांच्या धुराड्यातून पहिल्यापासून शिंतोडे उडत होते."

"शिंतोडे की ठिणग्या?"

"ठिणग्याच रे. जरा ओल्या होत्या."

"ओल्या ठिणग्या?"

"तू तिथं होतास का मी?" जोथम खेकसला. "माझ्या शर्टाची चाळण झाली त्यांनी!"

मी चष्मा पुसून पुन्हा पाहिलं. प्रत्येक व्रणात रंग गेला होता, वार्निश गेलं होतं, आणि खालचं लाकूड पांढरं स्वच्छ होतं. जळल्याची काळी कड एकालाही नव्हती.

"आणि हे दारावर कोरलेलं?" मी निघताना विचारलं.

"ते क्विम्बीचे शब्द! बॉयलरवाल्यांचा मुकादम होता बघ, त्यांचाच माणूस. घुम्या. चौकशीत उभा राहिला आणि म्हणाला, 'तिला धुतलं नव्हतं.' शत्रूनं भर सभेत कबूल केलं! आम्ही टोप्या उडवल्या, बाकं वाजवली. चौकशी चालवणाऱ्या कॉरोनरचा स्वतःचा भाऊ आमच्या मंडळात, कॉरोनरही हसला."

"पुढं काय म्हणाला क्विम्बी?"

"पुढचं कोणाला ऐकू येतंय एवढ्या जल्लोषात? बसवला त्याला खाली. वर्षभरात उत्तर-दक्षिणेची लढाई लागली, तिकडंच राहिला. भला माणूस."

३

कर्नल वॅडलींनी तोफेचा आवाज ऐकला आहे तो फक्त चार जुलैच्या स्वातंत्र्यदिनाच्या समारंभात. एका गव्हर्नरच्या मागे घोड्यावर बसायला माणसं कमी पडली, तेव्हा त्यांना ही पदवी मिळाली. चाचणीच्या वेळी ते मालकाचे चिरंजीव होते आणि कारखाना तेच चालवत.

"हेझन, 'चार मिनिटं' घातलीत ना?" मी बसायच्या आत त्यांनी विचारलं. "काडी लावल्यापासून चार मिनिटांत वाफ! बॉस्टनवाल्यांना आजही याच्या दुप्पट वेळ लागतो."

"घातलं आहे, कर्नल. मला त्या फेसाबद्दल विचारायचं होतं. तोट्यांतून फेस येत होता असं स्पॉफर्ड म्हणतो."

कर्नलनी भुवई उचलली. "फेस? मग टॉरंटवाल्यांनीच साबण टाकला असणार. घाला, घाला ते पुस्तकात! त्या गुंडांना दुसरं काय येतं?"

हे मला सुचलं नव्हतं. बॉयलरमध्ये साबण गेला की पाणी दुधासारखं उतू जातं, एवढं मीही वाचलं होतं. फेस तोटीतून बाहेर आला तर बाहेरून पाहणाऱ्याला पाणीच दिसणार. आत मात्र पाणी आगीच्या नळ्या उघड्या पडतील इतकं खाली गेलेलं. तिन्ही तोट्यांत पाणी आणि आत पाणी नाही, या दोन अशक्य गोष्टी एकदम शक्य झाल्या. आणि हौशी मंडळींचा खोडसाळपणा मला पूर्ण परवडणारा होता. त्यांच्याबद्दल मला प्रेम नाही.

"त्यांना ते जमलं असेल का?" मी विचारलं. "म्हणजे, बंबाजवळ कोणी जाऊ शकत होतं?"

बढाईखोर माणसाला हा प्रश्न विचारू नये. निदान त्याच्या भल्यासाठी तरी.

"माझ्या बंबाजवळ?" कर्नल ताठ झाले. "अहो, रात्रभर शेडच्या दारात मी स्वतः खुर्ची टाकून बसलो होतो! चिटपाखरू फिरकू दिलं नाही. सकाळी कालव्यापर्यंत गाडीबरोबर चालत गेलो, बॉयलरच्या टोपणाला कोणाचा हात लागू दिला नाही. अशी कामं नोकरांवर टाकायची नसतात, हेझन."

"रात्रभर? कोणत्या रात्री? चाचणी आधी शनिवारी ठरली होती ना?"

"शनिवारी! आणि शुक्रवारी तो प्रॉव्हिडन्सचा बंबवाला आपलं खटारं घेऊन आमच्या आधी दाखवायला येणार होता. मी चाचणी गुरुवारवर आणली. बुधवारी रात्री बॉयलर शेडमध्ये उकळतोय आणि गुरुवारी सकाळी कालव्यावर उभा! क्विम्बी कुरकुरला. त्याला म्हटलं, तू बॉयलर बघ, इतिहास मी बघतो."

ते स्वतःच्या वाक्यावर खूष होऊन हसले. मीही हसलो, सवय आहे. जिना उतरता उतरता मी मध्येच थांबलो. त्यांनी 'उकळतोय' म्हटलं होतं.

४

घरी येऊन मी मुद्रितांतलं तिसरं प्रकरण काढलं. त्याचं नाव 'बॉयलरची बांधणी'. इतकं कंटाळवाणं प्रकरण मी आयुष्यात दुसरं लिहिलेलं नाही. कर्नलनी ते वाचलं नसणार याची मला खात्री होती. प्रूफं तपासताना मीसुद्धा त्यात डुलकी घेतली होती.

त्यात मीच लिहिलेलं होतं: नव्या बॉयलरच्या नळ्या बसवताना आत तेल आणि चरबी राहते. ती काढण्यासाठी आत कॉस्टिक सोड्याचं पाणी भरून रात्रभर उकळतात. मग बॉयलर पूर्ण निवू देतात, कारण गरम लोखंडावर गार पाणी पडलं तर सांधे सुटतात. आणि निवल्यावर तो धुतात.

धुतात.

मी तो शब्द मोठ्यानं म्हणून पाहिला. आमच्याकडे आगगाडीचं इंजिन असो, हातबंब असो की वाफेचा, बोलताना सगळे 'ती'च म्हणतात. क्विम्बी बॉयलर बांधणारा माणूस. टॉरंटचा हौद उतू गेला की नाही याच्याशी त्याला काय देणंघेणं? एक माणूस मेला होता, आणि तो का मेला हे तो सांगायला उभा राहिला होता. त्यानं पहिलं वाक्य उच्चारलं आणि पन्नास मूर्खांनी टोप्या उडवल्या.

बाकीचं आपोआप जुळत गेलं. कॉस्टिक आणि चरबी एकत्र उकळली की साबणच होतो. तो बाहेरून कोणी टाकावा लागत नाही. तोच फेस तोट्यांतून येत होता, आणि फेसाळलेल्या पाण्याला चालक आपल्या बोलीत म्हणतात तसं एसानं त्याला 'बीअर' म्हटलं. तेच कॉस्टिकचं पाणी वाफेबरोबर धुराड्यातून उडालं आणि देवीच्या चेहऱ्याचं वार्निश खाऊन गेलं. एसाला तोट्यांवर विश्वास ठेवायचा नाही हे कळलं होतं. फेस बसावा म्हणून तो वाफ बंद करायला निघाला, आणि मालकानं काठी आपटली. त्या सगळ्या गर्दीत शुद्धीवर असलेला तो बहुधा एकटाच होता.

आणि ती चार मिनिटं! गार पाण्याची चार मिनिटांत वाफ होत नाही. पाणी आधीच गरम होतं, कारण बॉयलर निवूच दिला नव्हता. निवला नाही म्हणून धुता आला नाही. आमच्या गावाला दोनच वाक्यांचा अभिमान आहे, एक टॉरंटच्या दारावरचं आणि एक कर्नलच्या चार मिनिटांचं. दोन्ही वाक्यं एकाच खुनाचे कबुलीजबाब आहेत.

सकाळी मी आधी जोथमकडे गेलो आणि सगळं सांगितलं. त्याच्या तोंडातला डोनट तसाच राहिला. मला वाटलं, म्हाताऱ्याला रडू येतंय.

"म्हणजे," तो अखेर म्हणाला, "क्विम्बी आमच्या गाडीबद्दल बोललाच नव्हता?"

"नाही."

"मग आमची गाडी धुतली होती की नव्हती?"

"जोथम, त्या माणसाला बदनाम केलं गावानं. तुझ्या साक्षीवर."

"ते झालंच रे. पण धुतली नव्हतीच, काय? तू लिहिशील ना तसं?"

एसाचा हात वाफेच्या चावीकडे गेला होता आणि कर्नलनी त्याला अडवलं, एवढं तो चारचौघांत सांगायला तयार असेल, तर लिहीन, असं मी म्हणालो. त्यानं लगेच हात पुढे केला. मी तो हातात घेतला आणि नंतर माझा हात बराच वेळ खिशात लपवून ठेवला.

५

कर्नलसमोर मी उभ्यानंच बोललो. बसलो असतो तर धीर झाला नसता. वाक्यं पाठ केली होती, तरी दोनदा अडखळलो. माझं संपल्यावर ते उठून खिडकीकडे गेले.

"हे कोण विचारणार आहे तुम्हाला?" ते म्हणाले. "क्विम्बी मेला. कोल्बी मेला. स्पॉफर्डच्या बोलण्याला सायडरचा वास येतो."

"कोणी नाही विचारणार," मी म्हणालो. "पण पुस्तक तुम्ही प्रत्येक रेल्वे कंपनीला पाठवणार आहात. तिथं बॉयलरची माणसं असतात. एकाच पानावर चार मिनिटांत वाफ आणि पाणी संपून स्फोट, हे त्यांनी वाचलं की... ती माणसं कर्नल नसतात. त्यांना कळेल."

"मग स्फोटच गाळा."

"एसाचं नाव गाळणार नाही मी." हे वाक्य पाठ केलेलं नव्हतं. माझा आवाज भलताच चिरका निघाला. "गाळलंत तर प्रकरण तीन आणि स्पॉफर्डचं म्हणणं एकत्र करून मी बॉस्टनच्या वर्तमानपत्राला देईन."

"तुम्ही?" कर्नल वळले. त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू पुस्तकाच्या कपाटानंच तोंड उघडलं होतं.

"मी," मी म्हणालो आणि लगेच मला शंका आली की मी खरंच देईन का. नशिबानं त्यांना ती आली नाही.

ते येरझाऱ्या घालू लागले. आता पश्चात्ताप होईल, निदान राग तरी येईल, असं मला वाटत होतं. चाळीस वर्षं ग्रंथ वाचल्याचा हा परिणाम. माणसांकडून भलत्या अपेक्षा लागतात.

"दारूची ओळ काढा," ते अखेर म्हणाले. "कोल्बीचं नाव राहू दे. 'चाचणीत कामी आला', वगैरे घाला काहीतरी. कारण लिहायचं नाही."

"आणि चार मिनिटं?"

"चार मिनिटं राहतील!" त्यांनी टेबलावर मूठ आपटली. "ठळक अक्षरांत. ती माझी आहेत."

६

पुस्तक गेल्या आठवड्यात निघालं. टॉरंटची गाडी धुतली गेली नाही असं त्यात लिहिलेलं आहे, आणि जोथमनं त्याच्या चार प्रती घेतल्या. कोणालाही काहीही शिक्षा झालेली नाही. दारावरचा दगड तसाच आहे आणि सणावारी त्याला हार घालतात.

काल रात्रीपासून मी थर्झाबाईंना उत्तर लिहीत होतो. पहिले सहा मसुदे फाडले. एकात मी फार शहाणा दिसत होतो, बाकीच्यांत फार दीनवाणा. शेवटी जे उरलं ते असं:

"आदरणीय थर्झाबाई, पुस्तक सोबत पाठवतो आहे. आईंना अवश्य वाचून दाखवा. ती ओळ त्यात नाही. खरं काय घडलं तेही त्यात नाही, म्हणून ते इथं लिहितो. तुमचे वडील प्यायलेले नव्हते. त्यांना न धुतलेला बॉयलर दिला गेला, तो दगा देतो आहे हे त्यांनी ओळखलं, ओरडून सांगितलं, आणि बंद करायला हात घातला. त्यांना थांबवण्यात आलं. या पत्राच्या पाठीमागच्या पानावर याची सगळी कारणं क्रमानं लिहिली आहेत. कोणत्याही बॉयलरवाल्याला दाखवा. पुस्तकात 'चार मिनिटं' हे ठळक अक्षरांतलं वाक्य येईल. तिथं वाचन थांबवा आणि आईंना सांगा की एसा कोल्बी निर्दोष असल्याचा पुरावा हाच, आणि तो मालकानं स्वतः हट्टानं छापून घेतला आहे."

पोस्टात पुडकं खिडकीतून सरकवलं आणि हात पुन्हा त्याच्यावर गेला. 'दगा देतो आहे' हे फार नाटकी तर झालं नाही ना?

"हेझनसाहेब," पोस्टमास्तर पलीकडून पुडकं ओढत म्हणाला, "सोडताय ना?"

सोडलं.